न हलणारा राक्षस

आमच्या विभागात त्याला सगळे ‘डोंगर’ म्हणायचे. तोंडावर म्हणायचे, आणि त्याला त्याचं वाईट वाटत असेल तर ते त्यानं कधी दाखवलं नाही. मी मात्र पुढे ‘दादा’ जोडायचे. तो मला सीनियर होता, आणि एमआरआयचं मशीन चालवायला मी त्याच्याच हाताखाली शिकले होते.

दार आलं की त्याची मान आपोआप खाली जायची. मग दार केवढंही असो. हॉस्पिटलच्या मुख्य दारातून उंटसुद्धा सहज आत येईल, पण हा तिथेही वाकून यायचा. मी एकदा विचारलं, दादा, इथे कशाला वाकता? तर म्हणाला, लहानपणी इतक्या चौकटी लागल्यात की आता कपाळच आधी खाली जातं, मला विचारत बसत नाही. एवढी वर्षं बरोबर काम केलं, पण त्याचं डोकं कुठे आपटलेलं मी पाहिलं नव्हतं. खुर्चीवर बसण्याआधी तो ती हातानं दाबून बघायचा. चहाचा कप दोन बोटांत धरायचा आणि टेबलावर असा ठेवायचा की आवाज म्हणून यायचा नाही. एवढा धिप्पाड माणूस, आणि आपल्यामुळे काही मोडू नये म्हणून सगळा जन्म अंग चोरून काढलेला. मला कधीकधी त्याचा रागच यायचा. मी म्हणायचे, एकदा तरी एखादा कप फोडा हो, मला बरं वाटेल.

हॉस्पिटलचा गणवेश त्याच्या मापाचा मिळायचाच नाही. त्याची आई शिवणकाम करायची. ती दोन गणवेश उसवून त्यांचा एक करून द्यायची, आणि हूक-बटणांच्या जागी कापडी नाड्या लावायची, कारण आमच्या मशीनच्या खोलीत लोखंडाचा कणही चालत नाही. त्याच्या पाठीवर मधोमध एक जोड दिसायचा. नवे डॉक्टर त्या जोडाकडे बघून हसायचे आणि मी त्यांच्याकडे बघितलं की गप्प व्हायचे.

मशीनवर आलेल्या मुलांना तो राक्षसाच्या गोष्टी सांगायचा, त्या त्याच्याकडे आल्या या आईकडूनच. शाळेच्या नाटकात दरवर्षी राक्षस तोच. निवड वगैरे काही नाही, बाई नुसतं त्याच्याकडे बोट दाखवायच्या. राक्षसाला बोलायचं काही नसायचं. यायचं, गर्जना करायची, छोट्या राजपुत्रानं पुठ्ठ्याची तलवार लावली की कोसळायचं आणि टाळ्या संपेपर्यंत पडून राहायचं. एका वर्षी तो नाटक संपवून घरी आला आणि शिलाई मशीनवर बसलेल्या आईला त्यानं विचारलं, राक्षस मेल्यावर कोण रडलं? आईचा पाय मशीनवर थांबला. आपल्या गोष्टींत राक्षस येतो तो मरायलाच येतो, त्याच्यासाठी कुणी डोळ्यांतून टिपूस काढल्याचं तिनंही कधी ऐकलं नव्हतं. मग ती स्वतःच गोष्टी रचायला लागली. त्यांत एक राक्षस असायचा, एक पोर असायचं आणि दोघांची गट्टी असायची. पोराचा चेंडू राक्षसाच्या कानात जाऊन बसायचा. पूल वाहून गेला की राक्षस नदीत आडवा व्हायचा आणि पोर त्याच्या पाठीवरून शाळेत जायचं. पण गोष्ट कुठलीही असो, शेवटी राक्षस निघून जायचा. का गेला, असं यानं विचारलं की आई म्हणायची, त्याला मावेल असं घर कुणाकडे नव्हतं रे. हे सगळं त्यानं मला एकदाच, चहा पिताना सांगितलं आणि लगेच कप विसळायला उठून गेला.

आता मशीनबद्दल थोडं सांगायला हवं. एमआरआय म्हणजे एक पांढरा बोगदा. पेशंटला सरकत्या खाटेवर झोपवून आत ढकलायचं. मान आणि डोक्याभोवती पिंजऱ्यासारखं कवच बसतं, त्यावर छोटासा आरसा असतो, त्यातून आपल्या पायांकडचं दिसतं. कानांवर हेडफोन. हातात रबरी फुगा, तो दाबला की काचेपलीकडे आमच्या कंट्रोल रूममध्ये घंटी वाजते. मशीन सुरू झालं की पत्र्याच्या पिंपावर कुणीतरी हातोडे हाणतंय असा आवाज होतो, आणि तेवढा वेळ अजिबात हलायचं नाही. हललं की चित्र पुसट येतं. जिथे मोठमोठी माणसं रडतात, तिथे पोरांची काय कथा. म्हणून लहान मुलांना बहुतेक वेळा भूल देऊन झोपवतात. पण काही मुलांना झोपवणंच धोक्याचं असतं, आणि अशी मुलं डोंगरच्या वाट्याला यायची.

मुलांसमोर मात्र तो कधी यायचा नाही. नोकरीच्या सुरुवातीला एका मुलानं त्याला दारात वाकून आत येताना पाहिलं आणि ते किंचाळत जिन्यापर्यंत पळालं. तेव्हापासून मुलांना आत मी न्यायचे, मी झोपवायचे, फुगा हातात मी द्यायचे. मूल बोगद्यात गेलं की हा मागच्या दारानं कंट्रोल रूममध्ये यायचा, माइकसमोर बसायचा आणि आवाज जाड करून बोलायला लागायचा. मी या बोगद्याच्या भिंतीत राहतो, असं तो सांगायचा. मी फार मोठा आहे. मी हललो की घरं पडतात, म्हणून मी हलतच नाही. पण एकट्यानं न हलता पडून राहायचं म्हणजे फार कंटाळा येतो बघ. तू थोडा वेळ माझ्यासोबत राहशील का? आता मी दार ठोठावणार आहे. आता गाणं म्हणणार आहे, माझं गाणं जरा बेसूर आहे, हसू नकोस. आता घोरणार आहे. मशीनचा प्रत्येक आवाज तो आधी सांगून ठेवायचा. काम संपलं की राक्षसाला झोप यायची आणि डोंगर मागच्या दारानं निघून जायचा.

पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला ही सगळी थेरं वाटली होती. नंतर ध्यानात आलं की बाकीचे सगळे मुलांना ‘हलू नको’ म्हणून दटावतात आणि हा एकटाच त्यांना कुणाची तरी सोबत करायला सांगतो. ज्याच्यावर दुसऱ्याला सांभाळायचं काम पडतं त्याला घाबरायला सवड मिळत नाही. चित्रं स्वच्छ यायची, आणि मला तेवढं पुरे होतं.

ती मुलगी आली ती एका सकाळी. पहिलीतली, पुढचे दात पडलेली, वडिलांचा शर्ट मुठीत धरलेली. ती दिसायच्या आधी तिचा श्वास ऐकू आला. गळ्यात, श्वासनळीला लागून, एक गाठ वाढत होती आणि प्रत्येक श्वासाला बारीक शीळ वाजत होती. भूल देणारे डॉक्टर तिच्या आधीच येऊन थांबले होते. त्यांनी आम्हाला नीट समजावून सांगितलं. ऑपरेशन टाळता येणार नव्हतं. पण गाठ श्वासनळीला चिकटली आहे की नुसती टेकली आहे, हे चित्रात बघितल्याशिवाय सर्जन हात लावणार नव्हते. आणि चित्रासाठी तिला झोपवलं तर गळा सैल पडून उरलेली वाटही बंद होण्याची भीती होती. म्हणजे चित्र हवंच, आणि तेही पोरगी जागी असताना हवं. आधी एका ठिकाणी प्रयत्न झाला होता. तिथे ती बोगद्यात शिरताच किंचाळली आणि रडता रडता निळी पडली.

“आज नाही जमलं तर मला तिला झोपवावं लागेल,” डॉक्टर म्हणाले. “आणि मला ते करायचं नाहीये.” त्यांनी श्वासासाठी घशात घालायच्या नळ्यांचा ट्रे तयार ठेवला आणि दाराशी उभे राहिले.

आई घरी तान्ह्या बाळापाशी होती, सोबत आलेले ते फक्त वडील. वेल्डिंगचं काम करणारे, दंडावर ठिणग्यांचे डाग. मी नेहमीचा प्रश्न विचारला, डोळ्यात कधी लोखंडाचा कण गेला होता का? ते म्हणाले, आमच्या धंद्यात ते चालूच असतं. मग त्यांना मशीनच्या खोलीत सोडता येईना. आतलं चुंबक इतकं जबर असतं की डोळ्यात रुतून राहिलेला कण सरकला तर डोळाच जायचा. मी हे सांगितलं तेव्हा त्यांचा चेहरा उतरला. नातेवाइकांनी बाहेर बाकावर बसायचं असा आमचा नियम आहे, पण डोंगरनं त्यांना कंट्रोल रूममध्ये काचेमागे उभं राहू दिलं. म्हणाला, निदान पोरगी दिसत राहील त्यांना.

मी मुलीला खाटेवर निजवलं. आडवी होताच शीळ वाढली. मानेखाली घडी सरकवली तशी जरा कमी झाली. मी हेडफोन लावायला गेले तर तिनं माझा हात धरला आणि विचारलं, आत राक्षस आहे का? हिला कुणी सांगितलं? मग तिनं मधे मधे श्वास घेत सांगितलं. औषध घ्यायला ती कुरकुर करायला लागली की दारामागून राक्षस जाड आवाजात ओरडतो, पी, नाहीतर खाऊन टाकीन. ती राक्षस म्हणत होती, पण तो कोण हे तिला पक्कं ठाऊक असावं, कारण सांगताना ती काचेकडे बघत होती. मीही काचेकडे बघितलं. वडिलांनी मान खाली घातली.

मी तडक कंट्रोल रूममध्ये आले आणि डोंगरला बाजूला घेतलं. म्हटलं, दादा, आज राक्षस नको, परी सांगा, ससा सांगा, काहीही सांगा. त्यानं दाढी खाजवली. मग म्हणाला, “राक्षस तिच्याबरोबर घरूनच आलाय. तो चांगला निघाला तरच ती आत टिकेल.”

त्यानं माइकचं बटण दाबलं आणि सुरुवात केली. आतून फक्त शीळ. बोगद्यातला आवाज आमच्याकडे स्पीकरवर येतो, त्यामुळे ती शीळ खोलीभर वाजत होती. त्यानं घरं पडतात ते सांगितलं, कंटाळ्याचं सांगितलं, सोबतीचं विचारलं. बऱ्याच वेळानं ती म्हणाली, “तू आमच्या दारामागचा आहेस का?”

“नाही ग,” डोंगर म्हणाला. “मी दारामागे मावतच नाही.”

यावर ती विचार करत राहिली. शीळ जराशी लांबली, संथ झाली. मी डॉक्टरांकडे बघितलं, त्यांनी मान डोलवली, आणि मी मशीन सुरू केलं. राक्षसानं दार ठोठावलं. राक्षसानं बेसूर गाणं म्हटलं. ती खुदकन हसली, तेवढा एक फोटो वाया गेला, पण मला त्याचं काही वाटलं नाही. पडद्यावर तिचा गळा उमटायला लागला होता. आता राहिला होता शेवटचा आणि सगळ्यात लांबलचक भाग, जिथे गाठ आणि नळी यांच्या मधली जागा बारीक बारीक कापांमध्ये दिसते. ज्याच्यासाठी हा सगळा खटाटोप होता तो हाच. डोंगरनं सांगितलं, आता मी घोरणार, खाटसुद्धा थरथरेल, आपण दोघांनी हलायचं नाही.

घोरणं सुरू झालं. थोड्या वेळानं मुलीला खोकला आला असावा, कारण तिचा एक पाय दचकल्यासारखा हलला. बारीकसाच हलला, तेवढं आम्ही सांभाळून घेतलं असतं. पण तो काचेतून वडिलांनी पाहिला. त्यांच्या तोंडचं पाणी पळालं होतं, इतका वेळ ते नखं कुरतडत उभे होते. मला काही कळायच्या आत ते माझ्या खांद्यावरून वाकले, माइकचं बटण दाबलं आणि ओरडले, “हलू नकोस, तो उठेल बघ, खाऊन टाकेल तुला.”

लगेच घंटी वाजली. वाजतच राहिली. मी मशीन बंद केलं आणि आत धावले, माझ्यामागे डॉक्टर. तिला बाहेर काढून उठवून बसवलं तेव्हा तिची शीळ इतकी बारीक आणि उंच झाली होती की ऐकवत नव्हती. ओठ काळसर दिसायला लागले. डॉक्टरांनी ऑक्सिजन नाकाशी धरला आणि तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले. हळूहळू ओठांना रंग आला. बाहेर येऊन त्यांनी मला आणि डोंगरला सांगितलं, आणखी एकदा करून बघा. पुन्हा अशी रडली तर मी थांबणार नाही, सरळ ऑपरेशन थिएटरमध्ये नेऊन झोपवणार, मग जे होईल ते. त्यांचा आवाज शांत होता आणि म्हणूनच मला जास्त भीती वाटली.

मला त्या बापाचा भयंकर संताप आला होता. शब्द अगदी ओठांवर होते. तो भिंतीला टेकून पुटपुटत होता, घरी असंच म्हटलं की ऐकते हो, घरी ऐकते. डोंगरनं आपली खुर्ची त्याच्याकडे सरकवली. मग माइकवर वाकून जाड आवाजात म्हणाला, घाबरू नकोस, तो मी नव्हतो. मुलीनं दोन्ही हातांनी हेडफोन ओढून काढले आणि खाटेवर टाकले.

आवाजाचं काम संपलं होतं. दारामागून येणारा प्रत्येक आवाज तिला आता एकच वाटत होता. कुणीतरी तिच्यासमोर, तिच्याजवळ बसायला हवं होतं. मी उठले, तर डोंगर खिशातल्या किल्ल्या काढून टेबलावर ठेवत होता. मग घड्याळ काढलं. पट्टा सोडवायला त्याला वेळ लागला.

“मशीन तू चालव,” तो म्हणाला. मग हळूच विचारलं, “मला बघून ती परत रडली तर?”

मला खोटं बोलता आलं असतं. मी म्हटलं, दादा, मला नाही माहीत. त्यानं मान डोलवली आणि म्हणाला, तो आरसा तेवढा छताकडे फिरवून ठेव.

तो दारातून वाकून आत गेला आणि सरळ झालाच नाही. तसाच वाकलेला खाटेपर्यंत गेला आणि मटकन जमिनीवर बसला, त्यामुळे त्याचं डोकं तिच्यापेक्षा खाली आलं. मी काचेतून बघत होते आणि माझा जीव टांगणीला लागला होता. मुलगी त्याच्याकडे बघत राहिली. खांदे बघितले, हात बघितले. शीळ वाढली. डॉक्टर एक पाऊल पुढे सरकले. मग स्पीकरवर तिचा आवाज आला, तुम्ही कोण?

“मी त्याच्याकडे कामाला आहे,” डोंगर म्हणाला. आपल्या साध्या आवाजात, जो बराच मऊ आहे.

“तो चिडलाय का?”

“चिडला नाही. घाबरलाय.”

तिला हे नवीन होतं. राक्षस कशाला घाबरेल, असं तिनं विचारलं. डोंगर म्हणाला, मघाशी कुणीतरी ओरडलं ना, त्याला वाटलं त्यालाच ओरडले. तो एवढा वेळ हलला नव्हता, तरी ओरडले. ऑक्सिजनची नळी तिच्या हातात होती, ती तिनं जरा दूर धरली.

“ते माझे बाबा होते,” ती म्हणाली. “त्यांना सांगा ना, त्याला ‘चुकलं’ म्हणायला.”

कंट्रोल रूममध्ये वडील खुर्चीतून उठले आणि माझ्याकडे बघून विचारलं, मी एकदा बोलू का? मघाच्याच बटणाकडे त्यांचा हात गेला होता. मला त्यांचा राग आलेलाच होता, तो काही गेला नव्हता. तरी मी बाजूला झाले. पोरीनं हेडफोन काढले होते, म्हणून मी खोलीतला स्पीकर चालू केला. त्यांनी बटण दाबलं, घसा खाकरला आणि पोरीला नव्हे तर राक्षसाला म्हणाले, “राक्षसदादा, माझं चुकलं. तुम्हाला कुणी ओरडायला नको होतं. मी पुन्हा ओरडणार नाही.” शेवटी शेवटी त्यांचा आवाज इतका फाटला की पुढचं कळलंच नाही. आत मुलीनं बोगद्याच्या तोंडाकडे बघितलं आणि काहीतरी समजल्यासारखी मान हलवली. मग स्वतःच आडवी झाली.

मी आत जाऊन तिच्या कानांत बोळे घातले, कवच बसवलं आणि आरसा छताकडे फिरवला. ती लगेच म्हणाली, आरसा नीट लावा, मला ते काका दिसू देत. मी डोंगरकडे बघितलं. तो खाली फरशीकडे बघत होता, नाही म्हणाला नाही. मी आरसा सरळ केला.

त्यानं तिला सांगितलं, मी तुझ्या पायाला माझं बोट लावून बसतो. माझं बोट हललं नाही, तर समज तोही हलला नाही. खोलीत त्याचं वजन पेलेल असं लाकडी बाक नव्हतं आणि लोखंडाची खुर्ची चालणार नव्हती. म्हणून तो खाटेच्या टोकाशी गुडघ्यांवर बसला, एक हात लांब केला आणि अंगठा तिच्या तळपायाला टेकवला. अंगठ्यानं अर्धा तळपाय झाकला. स्वतःच्याही कानांत बोळे घालून त्यानं माझ्याकडे बघून डोळे मिटले आणि उघडले. मी काचेमागे येऊन राक्षसाचं घोरणं सुरू केलं.

मशीन चालू असताना आतला श्वास ऐकू येत नाही. हे मला इतकी वर्षं माहीत होतं, पण त्या दिवशी त्या न ऐकू येण्यानं मला वेड लागायची पाळी आली. श्वास चालू आहे की नाही हे फक्त डॉक्टरांसमोरच्या मॉनिटरवरच्या छोट्या आकड्यावरून कळत होतं आणि ते त्या आकड्यावरून नजर काढत नव्हते. पडद्यावर काप यायला लागले. एक स्वच्छ. पुढचा स्वच्छ. वडिलांनी दोन्ही तळवे तोंडावर घट्ट दाबून धरले होते, जणू स्वतःवरच पहारा ठेवला होता. मी काचेतून डोंगरकडे बघत होते. लांब केलेला हात हवेत तसाच ठेवायचा म्हणजे काय असतं ते घरी कुणीही करून बघावं. त्याचा हात हलला असता तर तिचा पाय हलला असता, पाय हलला असता तर मान. त्याच्या पाठीवरचा तो जोड घामानं काळा पडत चालला होता. मानेवरची शीर फुगली होती. एकदा त्याचा चेहरा वेडावाकडा झाला, पायात गोळा आला असणार, पण अंगठा जिथे होता तिथेच राहिला.

मधेच मुलीचं पोट आत ओढलं गेलेलं दिसलं. खोकला येत होता. डॉक्टर पुटपुटले, नको, नको. तिचे पंजे आखडले. आरशात तिला काय दिसत होतं मला माहीत नाही. एवढंच दिसलं की डोंगरनं आरशाकडे मान वर करून, ओठ आवळून, आपण दोघं एकाच संकटात असल्यासारखा चेहरा केला. खोकला आला नाही. तिनं तो गिळला, आणि तिचे पंजे सैल पडले. पडद्यावर पुढचा काप उमटला, स्वच्छ.

मशीन थांबलं आणि शीळ पुन्हा ऐकू आली. आयुष्यात कुठल्या आवाजानं मला एवढं हायसं वाटलं नसेल. डॉक्टर पडद्यापाशी आले, एकेक काप पुढे-मागे करून बघितला आणि एका जागी बोट ठेवलं. गाठ आणि नळी यांच्या मधून एक बारीकशी पांढरी रेघ खालपर्यंत गेली होती. ते म्हणाले, चिकटलेली नाही, काढता येईल. पुढे ती गाठ निघालीही आणि शीळ कायमची गेली, पण ते सगळं नंतरचं. त्या क्षणी वडील जमिनीवर बसून ढसाढसा रडत होते आणि मी त्यांच्यासाठी पाण्याचा ग्लास शोधत होते.

मी आत गेले तेव्हा डोंगर खाटेला धरून उठायच्या प्रयत्नात होता, पाय बधिर झाले होते. मी मुलीला बाहेर काढलं, कवच उतरवलं, उठवून बसवलं. आपल्या सवयीप्रमाणे तो निघून जायला दाराकडे वळला. राक्षसाची जायची वेळ झाली होती. पण आता तो उभा होता, पूर्ण, छताखाली, पाठ तिच्याकडे करून, आणि मला वाटलं, आता ही किंचाळणार.

“ओ छोटे काका,” तिनं हाक मारली.

डोंगर थांबला, पण वळला नाही. ही हाक आपल्याला आहे असं त्याला वाटलंच नसावं. जन्मात त्याला कुणी तसं म्हटलं नव्हतं. मी खोलीत इकडे तिकडे बघितलं, दुसरं कुणीच नव्हतं. मुलीनं पुन्हा हाक मारली, छोटे काका, आणि तो हळूहळू वळला. तिनं त्याला पायांपासून डोक्यापर्यंत नीट न्याहाळलं. मग त्या बोगद्याकडे बघितलं, ज्याच्या भिंतीत तिचा मित्र राहत होता. हिशेब तिच्या दृष्टीनं सरळ होता.

“त्याला सांगाल ना,” ती म्हणाली, “मी हलले नाही म्हणून?”

डोंगरनं मान डोलवली. मग तो बोगद्यापाशी गेला, आत तोंड घातलं आणि कुजबुजत काहीतरी सांगितलं, माझ्या कानावर आलं नाही. तिला तेवढं पुरलं. मग तो ताठ मानेनं, चालता चालता मागे वळून तिच्याकडे बघत, दारातून निघाला आणि त्याचं कपाळ वरच्या चौकटीवर असं आपटलं की काच थरथरली.

“लागलं का, छोटे काका?” तिनं विचारलं.

कपाळ चोळत तो हो म्हणाला, आणि तिथेच दारात उभा राहून हसायला लागला.